रॅगिंगवरची कारवाई कोर्टात कुठे अडकते? १९९९ च्या कायद्याची चिकित्सा

पेपर वाचताना निष्कर्षाआधी पद्धत बघा, हे एमएस्सीला आल्यापासून आपल्याला ऐकवलं जातं. नमुने कसे घेतले? कंट्रोल होता का? मोजणाऱ्याला आधीच उत्तर माहीत होतं का? निष्कर्ष कितीही पटणारा असला तरी पद्धत कच्ची असेल तर परीक्षक पेपर परत पाठवतो. परत पाठवला म्हणजे निष्कर्ष खोटा ठरला असं नाही. ‘तुम्ही हे सिद्ध केलेलं नाही’, एवढाच त्याचा अर्थ.

आज हीच सवय एका कायद्यावर वापरून बघू: महाराष्ट्राचा १९९९ चा रॅगिंग प्रतिबंध कायदा. कॉलेजने रॅगिंगच्या आरोपावरून विद्यार्थ्याला काढलं आणि तो हायकोर्टात गेला, तर न्यायाधीश नेमकं हेच करतात. रॅगिंग झालं की नाही, हा प्रश्न ते बहुतेक वेळा स्वतः सोडवत बसत नाहीत. कॉलेजने तो कसा सोडवला, हे बघतात.

साताऱ्या-सांगलीच्या वाचकांना हा विषय आत्ता जवळचा आहे. मिरजेचं शासकीय वैद्यकीय महाविद्यालय, कराडचं शासकीय अभियांत्रिकी, सांगलीचं वालचंद, साताऱ्याची रयतची कॉलेजं; यांपैकी कुठेही प्रवेश घेताना रॅगिंग करणार नाही अशा प्रतिज्ञापत्रावर तुम्ही आणि तुमच्या पालकांनी सह्या केलेल्या असतात. फारसं कोणी ते वाचत नाही. दुसरी गोष्ट, १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालं आहे. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे त्याच्याकडे येतात. आधी कॉलेजच्या एका आदेशाविरुद्ध रिट याचिका करायची तर मुंबई गाठावी लागायची. वकील, राहणं, तारखा हे सगळं बघून घरचे ‘वर्ष गेलं तर गेलं’ म्हणायचे. आता सांगलीहून सकाळी निघून संध्याकाळी घरी येता येतं. तेव्हा इथल्या प्राचार्यांचे आदेश पूर्वीपेक्षा जास्त वेळा तपासले जातील, अशी तयारी ठेवलेली बरी.

कायदा नेमकं काय म्हणतो?

कायदा छोटा आहे. दहा मिनिटांत वाचून होतो, वाचाच. व्याख्या खूप रुंद आहे: विद्यार्थ्याला शारीरिक किंवा मानसिक इजा होईल, भीती, लाज किंवा संकोच वाटेल असं कोणतंही बेशिस्त वर्तन. चिडवणं, शिवीगाळ, धमकी, चेष्टा यांत येतात. एखाद्याला तो एरवी स्वखुशीने करणार नाही असं काही करायला सांगणं, हेही येतं.

पुढची कलमं अशी. कलम ४ मध्ये शिक्षा: दोन वर्षांपर्यंत कैद आणि दहा हजारांपर्यंत दंड. कलम ५ : फौजदारी कोर्टात दोषी ठरलेल्या विद्यार्थ्याला संस्थेतून काढायचं आणि पाच वर्षं दुसरीकडेही प्रवेश द्यायचा नाही. कलम ७ : संस्थाप्रमुखाने तक्रारीवर कारवाई केली नाही तर त्यानेच गुन्ह्याला साथ दिली असं समजायचं.

आपला मुद्दा मधल्या कलम ६ मध्ये आहे. विद्यार्थी, पालक किंवा शिक्षक यांनी लेखी तक्रार केली की संस्थाप्रमुखाने सात दिवसांच्या आत चौकशी करायची. तक्रारीत प्रथमदर्शनी तथ्य दिसलं तर आरोपी विद्यार्थ्याला निलंबित करायचं आणि तक्रार लगेच पोलीस ठाण्याला पाठवायची. तथ्य नसेल तर तसं तक्रारदाराला लेखी कळवायचं. आणि शेवटी, या विद्यार्थ्याने रॅगिंग केलं आहे हा संस्थाप्रमुखाचा निर्णय अंतिम राहील.

आता हे कलम एखाद्या पेपरमधल्या ‘पद्धती’च्या परिच्छेदासारखं पुन्हा वाचा आणि काय लिहिलेलं नाही ते शोधा. आरोपी विद्यार्थ्याला बोलवायचं का? लिहिलेलं नाही. तक्रारदाराचा जबाब कसा घ्यायचा, तिची ओळख कशी जपायची? नाही. निलंबन किती दिवसांचं? नाही. दर महिन्याने त्याचा फेरविचार करायचा का? नाही. वर दाद कोणाकडे मागायची? उलट ‘अंतिम’ म्हणून तो दरवाजाच लावून घेतलेला.

प्राथमिक चाचणीचा निकाल ‘अंतिम’ कसा?

माझी मुख्य हरकत इथे आहे. कोविडच्या काळात रॅपिड अँटिजेन आणि आरटी-पीसीआर यांतला फरक आपण सगळेच शिकलो. पहिली चाचणी झटपट, दारातच निर्णय घेण्यासाठी. दुसरी खात्रीसाठी. झटपट चाचणी चुकू शकते हे माहीत असूनही आपण ती वापरतो, कारण माणसाला तात्पुरतं बाजूला ठेवणं गरजेचं असतं. पण झटपट चाचणीचा निकाल म्हणजे कायमचा शेरा नव्हे.

कलम ६ ची पहिली ओळ म्हणजे झटपट चाचणी आहे. सात दिवस, प्रथमदर्शनी तथ्य, निलंबन. तात्पुरता उपाय म्हणून ती मला पटते. होस्टेलमध्ये मारहाण झाली असेल तर मारणाऱ्याला आणि मार खाणाऱ्याला एकाच मजल्यावर ठेवून दोन महिने चौकशी चालवता येत नाही. पण त्याच कलमाची शेवटची ओळ या झटपट चाचणीच्या निकालाला ‘अंतिम’ म्हणते. ‘प्रथमदर्शनी’ आणि ‘अंतिम’ हे दोन शब्द एकाच निर्णयाला लावले की काय होतं? प्राचार्यांना वाटतं आपलं काम संपलं. खात्रीची चाचणी करायचीच राहते आणि ती जबाबदारी फौजदारी खटल्यावर पडते. तो खटला कधी संपेल हे कोणाच्या हातात नसतं.

वर कलम ७ ची टांगती तलवार. कारवाई केली नाही तर प्राचार्य स्वतः आरोपी. घाई करण्याचं कारण कायद्यात आहे, नीट करण्याचं कारण मात्र नाही. अशा रचनेत माणूस काय करेल हे सांगायला मानसशास्त्राची पदवी लागत नाही: आधी निलंबनाचं पत्र काढेल, कागदपत्रं मागाहून गोळा करेल.

यूजीसीचे नियम: रिकाम्या जागा भरल्या, पण जुळवून घेतलं नाही

मार्च २००९ मध्ये हिमाचल प्रदेशातल्या टांडा इथल्या वैद्यकीय महाविद्यालयात अमन काचरू या विद्यार्थ्याचा रॅगिंगमध्ये मृत्यू झाला. त्याआधीच राघवन समितीचा अहवाल सर्वोच्च न्यायालयासमोर होता. मे २००९ मध्ये न्यायालयाने कडक निर्देश दिले आणि जूनमध्ये यूजीसीचे रॅगिंगविरोधी नियम आले.

पद्धतीच्या दृष्टीने हे नियम राज्याच्या कायद्याच्या बरेच पुढे आहेत. संस्थेत रॅगिंग प्रतिबंधक समिती हवी, छापे टाकणारं आणि चौकशी करणारं पथक हवं. पथकाने चौकशी करताना नैसर्गिक न्यायाची तत्त्वं पाळायची, आरोपीला आणि साक्षीदारांना म्हणणं मांडायची पुरेशी संधी द्यायची, हे स्पष्ट लिहिलेलं आहे. शिक्षांची पायऱ्या-पायऱ्यांची यादी आहे: वर्गात बसायला बंदी, शिष्यवृत्ती रोखणं, परीक्षेला बसू न देणं, होस्टेलमधून काढणं, एक ते चार सेमिस्टरसाठी रस्टिकेट करणं, प्रवेश रद्द करणं. आणि अपील आहे: संलग्न कॉलेजच्या आदेशाविरुद्ध कुलगुरूंकडे, विद्यापीठाच्या आदेशाविरुद्ध कुलपतींकडे.

आपल्या भागात याचा अर्थ असा. साताऱ्याच्या किंवा सांगलीच्या शिवाजी विद्यापीठाशी संलग्न कॉलेजने कारवाई केली तर अपील कोल्हापूरला कुलगुरूंकडे. मिरजेच्या वैद्यकीय महाविद्यालयाने केली तर नाशिकच्या आरोग्य विज्ञान विद्यापीठाकडे. कराडचं कृष्णा हे अभिमत विद्यापीठ, तिथे कुलपतींकडे. वैद्यकीय महाविद्यालयांना शिवाय राष्ट्रीय वैद्यकीय आयोगाचे २०२१ चे वेगळे नियम लागू आहेतच.

मग अडचण काय? राज्याचा कायदा म्हणतो प्राचार्यांचा निर्णय अंतिम. यूजीसी म्हणतं त्यावर अपील आहे. कायदा म्हणतो निर्णय संस्थाप्रमुखाने घ्यायचा. यूजीसी म्हणतं समितीने. आदेशाचं पत्र काढताना कारकून दोन्हींचे क्रमांक वर लिहितो आणि खाली सही होते. हा आदेश कोणत्या अधिकाराने काढला? निलंबन म्हणजे कलम ६ मधला तात्पुरता उपाय, की यूजीसीच्या यादीतली शिक्षा? पत्रात हे उलगडत नसेल तर कोर्टातला पहिला प्रश्न हाच असतो.

कोर्ट काय बघतं, काय बघत नाही

कायद्यात ‘अंतिम’ लिहिलं म्हणून राज्यघटनेच्या कलम २२६ खालचा हायकोर्टाचा अधिकार जात नाही, हे पक्कं आहे. पण हायकोर्ट अपील ऐकल्यासारखं सगळे पुरावे नव्याने तोलत नाही. ते साधारण चार गोष्टी बघतं: अधिकार होता का, आरोपीला म्हणणं मांडू दिलं का, आदेशात कारणं आहेत का आणि शिक्षा कृत्याच्या मानाने अवाच्या सवा आहे का.

म्हणणं मांडू देण्याचा नियम जुना आहे. १९५४ मध्ये उत्तर प्रदेशच्या परीक्षा मंडळाने कॉपीच्या आरोपावरून तीन मुलांचा निकाल त्यांना न विचारता रद्द केला होता. घनश्याम दास गुप्ता खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९६२ मध्ये सांगितलं की असा निर्णय घेणाऱ्या समितीने आधी ऐकून घेतलंच पाहिजे. साधारण त्याच सुमारास अमेरिकेतही हे चाललं होतं. १९६० मध्ये अलाबामातल्या सरकारी कॉलेजने उपाहारगृहातल्या वर्णभेदाविरुद्ध धरणं धरणाऱ्या कृष्णवर्णीय विद्यार्थ्यांना काढून टाकलं. १९६१ च्या डिक्सन निकालात तिथल्या अपील न्यायालयाने नोटीस आणि सुनावणी सक्तीची केली. हा संदर्भ लक्षात ठेवा. सुनावणीचा हक्क गुंडांना वाचवायला आला, असं आपल्याकडे सर्रास बोललं जातं. अमेरिकेत तो आंदोलन करणाऱ्यांना वाचवायला आला होता.

आता सगळ्यात जास्त उद्धृत होणारा आणि अर्धवट वाचला जाणारा निकाल: हिरानाथ मिश्रा, १९७३. रांचीच्या राजेंद्र वैद्यकीय महाविद्यालयात जून १९७२ च्या एका रात्री काही विद्यार्थी मुलींच्या होस्टेलच्या आवारात घुसले. ३६ मुलींनी तक्रार केली. प्राचार्यांनी प्राध्यापकांची समिती नेमली. समितीने मुलींचे जबाब आरोपींच्या गैरहजेरीत घेतले, आरोपींचे फोटो इतरांच्या फोटोंत मिसळून ओळख पटवली, आरोपींना बोलावून आरोप सांगितले, त्यांचं म्हणणं घेतलं आणि दोन वर्षांसाठी काढलं. आरोपींची तक्रार होती की आमच्यासमोर साक्ष झाली नाही, उलटतपासणी करू दिली नाही. सर्वोच्च न्यायालयाने ती फेटाळली. मुलींना आरोपींसमोर उभं केलं असतं तर एकही पुढे आली नसती आणि आली असती तर नंतर तिला त्रास झाला असता. नैसर्गिक न्यायाचा साचा सगळीकडे एकच नसतो, असा त्याचा गाभा.

कॉलेजांचे वकील या निकालातलं एकच वाक्य उचलतात: उलटतपासणी लागत नाही. बरोबर आहे. पण त्या समितीने काय-काय केलं होतं ते बघा. फोटो मिसळणं म्हणजे आपल्या भाषेत ब्लाइंडिंग. साक्षीदाराला उत्तर सुचवलेलं नाही, हे दाखवायची सोय १९७२ मध्ये तीन प्राध्यापकांनी केली. आरोप समजावून सांगितले, उत्तर घेतलं. उलटतपासणी गाळली, पण तिच्या जागी दुसरी काळजी घेतली. साक्षीदाराचं संरक्षण आणि आरोपीचा हक्क एकाच चौकशीत सांभाळता येतो, याचा हा नमुना आहे. ‘काही केलं नाही तरी चालतं’ असा त्याचा अर्थ काढणं म्हणजे पेपरचा सारांश वाचून पद्धतीचा भाग सोडून देणं.

पायल तडवी प्रकरण: २०२० च्या निकालाचं वाचन

महाराष्ट्राच्या कायद्याची खरी परीक्षा मुंबईत झाली. नायर रुग्णालयाशी जोडलेल्या टोपीवाला वैद्यकीय महाविद्यालयात स्त्रीरोगशास्त्राचं पदव्युत्तर शिक्षण घेणाऱ्या डॉ. पायल तडवी यांनी मे २०१९ मध्ये आत्महत्या केली. त्या जळगाव जिल्ह्यातल्या, आदिवासी समाजातल्या. तीन वरिष्ठ विद्यार्थिनींवर जातीवरून छळ आणि रॅगिंग केल्याचा आरोप ठेवण्यात आला. त्यांचं निलंबन झालं, अटक झाली, ऑगस्ट २०१९ मध्ये हायकोर्टाने जामीन दिला. जामिनाच्या अटींत रुग्णालयात पाऊल ठेवायला बंदी होती. म्हणजे शिक्षण थांबलं.

शिक्षण पूर्ण करू द्या, ही त्यांची मागणी सर्वोच्च न्यायालयात गेली. दुसऱ्या कॉलेजात बदली द्यावी तर पदव्युत्तर वैद्यकीय नियमांत ती बसत नाही, ही अडचण होती. ८ ऑक्टोबर २०२० रोजी न्या. उदय लळित यांच्या खंडपीठाने त्यांना त्याच कॉलेजात परतायला परवानगी दिली. खटला प्रलंबित असताना शिक्षण थांबवलं तर ती वेगळी शिक्षाच होईल आणि राज्यघटनेच्या कलम २१ खालच्या हक्काला धक्का लागेल, असं त्याचं कारण. साक्षीदारांवर दबाव आणायचा नाही, ही अट घातली.

या निकालाबद्दल दोन टोकाची मतं ऐकू येतात. माझं मत मधलं आहे, पण गुळमुळीत नाही.

निकालाचा पाया मला बरोबर वाटतो. मे २०१९ ते ऑक्टोबर २०२० म्हणजे जवळपास दीड वर्षाचा काळ, तोही तीन वर्षांच्या अभ्यासक्रमात. दोषी ठरण्याआधी दीड वर्ष गेलं, तर कलम ५ मधल्या शिक्षेचा मोठा वाटा सुनावणीशिवायच भोगून झाला. वर म्हटलेली कलम ६ ची फट इथे उघडी पडली. निलंबनाला शेवटची तारीखच नाही.

पण मला दोन ठिकाणी अडतं. पहिलं, न्यायालयाने हे या प्रकरणाच्या विशिष्ट परिस्थितीपुरतं म्हणून दिलं. निलंबन किती दिवस चालू शकतं, किती दिवसांनी फेरविचार हवा, याचा आकडा त्यातून मिळत नाही. कराडच्या किंवा मिरजेच्या अधिष्ठात्यांनी उद्या कोणत्या मापाने ठरवायचं? दुसरं जास्त बोचणारं आहे. साक्षीदारांवर दबाव आणू नका ही अट वरिष्ठांवर घातली, पण ती मोडली गेली हे सांगायचं कोणी? त्याच विभागातल्या, त्याच ड्युटीच्या यादीत नाव असलेल्या कनिष्ठांनी. वैद्यकीय विभागात वरिष्ठाच्या सहीवर कनिष्ठाचं काम चालतं. दबावाला शब्द लागत नाही. ऑपरेशनच्या यादीत नाव न येणं पुरतं. परत येऊ देणं योग्य असेल तरी ड्युट्या वेगळ्या ठेवणं, कनिष्ठांसाठी विभागाबाहेरचा एक माणूस नेमणं, ठरावीक काळाने अहवाल मागवणं, अशी यंत्रणा कॉलेजवर सोपवता आली असती. आरोपींचं करिअर निकालात स्पष्ट दिसतं, उरलेल्या कनिष्ठांचं तितकं दिसत नाही.

घाईची किंमत कोण मोजतं?

केरळमधल्या पूकोडच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयात फेब्रुवारी २०२४ मध्ये सिद्धार्थन या विद्यार्थ्याचा मृत्यू झाला. आधी त्याला होस्टेलमध्ये मारहाण झाल्याचा आरोप होता. विद्यापीठाने आरोपी विद्यार्थ्यांना काढून टाकलं. डिसेंबर २०२४ मध्ये केरळ हायकोर्टाच्या एकल पीठाने ती कारवाई रद्द केली, कारण नैसर्गिक न्याय पाळला नव्हता. नव्याने चौकशी करा, असं सांगितलं. नव्या चौकशीनंतर विद्यापीठाने पुन्हा कारवाई केली. तेव्हा घटनेला एक वर्ष उलटून गेलं होतं. पहिली चौकशी दोन आठवडे जास्त घेऊन नीट केली असती, तर त्या मुलाच्या आईला दुसऱ्यांदा कोर्टाची पायरी चढावी लागली नसती.

महाराष्ट्रातली दोन अलीकडची प्रकरणं रॅगिंगची नाहीत, पण तपासणीची पट्टी तीच आहे. मे २०२५ मध्ये पुण्यातल्या एका अभियांत्रिकी कॉलेजने समाजमाध्यमावरच्या पोस्टवरून एका विद्यार्थिनीला रस्टिकेट केलं. मुंबई हायकोर्टाने आदेशाला स्थगिती दिली आणि तिला परीक्षेला बसू दिलं. तिला म्हणणं मांडूच दिलं नव्हतं. दुसरं मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेतल्या एका पीएचडी विद्यार्थ्याचं. दोन वर्षांचं निलंबन हायकोर्टाने कायम ठेवलं, पण मे २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते भोगलेल्या काळापुरतं मर्यादित केलं. एका ठिकाणी प्रश्न सुनावणीचा, दुसरीकडे शिक्षेच्या मापाचा. या दोन पायऱ्या वेगळ्या आहेत, सरमिसळ करू नका.

सामूहिक शिक्षेचा नियम

यूजीसीच्या नियमांवर माझी एक मोठी तक्रार आहे. रॅगिंग करणारे ओळखता आले नाहीत तर संस्थेने सामूहिक शिक्षा करावी, असं त्यात म्हटलेलं आहे. हेतू कळतो: होस्टेलमधलं मौन फोडणं. पण विज्ञानाच्या विद्यार्थ्याला हे वाचून चमकायला हवं. कोण दोषी हे कळत नाही, म्हणून सगळा गट दोषी धरा? ज्याने मारहाण थांबवायचा प्रयत्न केला तोही त्याच मजल्यावर राहतो, कदाचित ज्याने मार खाल्ला तोही. आणि तक्रार केली तर अख्ख्या मजल्याला दंड, हे माहीत असेल तर तक्रार करणाऱ्याचं पुढे काय होईल? मौन फोडायला आणलेला नियम मौन घट्ट करतो.

‘मग गुंडांनाच फायदा’ असं म्हणाल तर

हा आक्षेप खरा आहे, झटकून टाकू नये. प्रक्रियेच्या नावाखाली तारखा वाढतात, आरोपीकडे पैसा आणि ओळखी असतात, तक्रारदार थकते. राजकीय घरातला मुलगा असेल तर प्राचार्यांवर फोन येतात. मग सात दिवसांची सक्ती नको का?

हवी. फक्त ती दोन टप्प्यांत हवी. पहिल्या सात दिवसांत तात्पुरती कारवाई: होस्टेल बदलणं, आरोपीला आवाराबाहेर ठेवणं, पोलिसांना कळवणं. पुढच्या ठरावीक दिवसांत, म्हणजे समजा पंचेचाळीस, खात्रीची चौकशी: लेखी आरोप, लेखी उत्तर, जबाब वेगळ्या खोलीत, शेवटी कारणांसह आदेश. दुसऱ्या टप्प्याची तारीख चुकली तर त्याची जबाबदारी संस्थाप्रमुखावर, आज कलम ७ मध्ये आहे तशीच. मग ‘अंतिम’ हा शब्द काढला तरी बिघडत नाही. असा आदेश कोर्टात टिकतो, आणि टिकलेला आदेशच तक्रारदाराच्या उपयोगाचा. रद्द झालेला आदेश घेऊन आरोपी परत येतो तेव्हा अख्खं होस्टेल त्याला निर्दोष समजतं, कोर्टाने फक्त पद्धतीवर बोट ठेवलेलं असलं तरी.

संशोधनाकडे वळणाऱ्यांसाठी

रॅगिंग म्हणजे पहिल्या वर्षाच्या पोरांचा प्रश्न, आपला नाही, असं पेट देऊन आलेल्यांना वाटतं. यूजीसीची व्याख्या वाचा. वरिष्ठांना दिलेलं शैक्षणिक काम दुसऱ्या विद्यार्थ्याकडून करून घेणं, हेसुद्धा त्यात आहे. दुसऱ्याच्या नियमित अभ्यासात अडथळा आणणंही आहे. लॅबमधल्या सिनियरचा डेटा भरून देणं, त्याच्या प्रबंधाचं टायपिंग करणं, ‘नवीन आहेस ना’ म्हणून रोज त्याची काचेची भांडी घासणं; यांतलं मदत कुठे संपते आणि काय व्याख्येत बसतं, हे तुम्हीच तपासून बघा. गाइडने लावलेलं काम मात्र या नियमांत येत नाही. हे नियम विद्यार्थी-विद्यार्थ्यांमधले आहेत.

तक्रार करायची वेळ आली तर ती लेखी करा आणि पोच घ्या. सात दिवस लेखी तक्रार मिळाल्यापासून मोजले जातात. तारीख, जागा, कोण हजर होतं हे लिहा. विशेषणं कमी, घटना जास्त. मेसेजचे स्क्रीनशॉट तारखेसह ठेवा. कॉलेजकडे जायची भीती वाटत असेल तर राष्ट्रीय हेल्पलाइन आहे, १८००-१८०-५५२२. आणि तुमच्यावरच आरोप झाला असेल तर गप्प बसून ‘होईल सगळं शांत’ म्हणू नका. आरोप लेखी मागा, उत्तर लेखी द्या, ठरल्या मुदतीत अपील करा. कोर्टात पुढे हेच कागद उघडले जातात.

शिक्षणशास्त्र, समाजशास्त्र किंवा कायद्यात विषय शोधत असाल तर इथे काम पडून आहे. सातारा-सांगलीतल्या कॉलेजांच्या निलंबन आदेशांत शेवटची तारीख लिहिलेली असते का? आदेशात कारणांचा परिच्छेद किती ओळींचा असतो? आरोपीला नोटीस आणि आदेश यांत किती दिवसांचं अंतर होतं? कुलगुरूंकडे अपील किती जण करतात? माहिती अधिकारात नावं वगळून हे मागता येतं. कोल्हापूर बेंचचे निकाल हायकोर्टाच्या संकेतस्थळावर वाचता येतात. तीस-चाळीस आदेश मिळाले तरी एमफिलच्या जुन्या प्रबंधाइतकं काम होतं. फक्त सुरुवात करताना एक ठरवून घ्या: ‘कोर्टाने आदेश रद्द केला’ आणि ‘रॅगिंग झालं नव्हतं’ हे दोन वेगळे रकाने आहेत. तुमच्या तक्त्यात ते वेगळेच ठेवा.